मनुबाईचा हळू आवाज

मनुबाईचा फोन आला की मी तो कानापासून वीतभर लांब धरते. स्पीकर लावायची गरजच पडत नाही. विश्रामबागेतल्या आमच्या केंद्रात बाहेर बाकावर बसलेल्या पालकांनाही कळतं, की कुपवाडच्या पलीकडच्या एका वस्तीवर शिवांजली नावाच्या मुलीनं आज ताकभात खाल्ला. "बोटांनी खाल्ला, म्याडम! पाची बोटं भरवून!" बाकावरचे लोक माझ्याकडे बघून हसतात आणि मीही वेड्यासारखी हसते. ताकभात ही काय बातमी झाली? पण मला विचाराल तर त्या महिन्यातली सांगलीची सगळ्यात मोठी बातमी तीच होती. ज्यांना पटत नसेल त्यांनी पुढचं वाचावं.

मी लहान मुलांची थेरपिस्ट. स्वमग्न, म्हणजे ऑटिझम असलेल्या मुलांबरोबर काम करते. स्वभावानं तापट आहे. घरचे म्हणतात, हिचा सगळा धीर मुलांवर खर्च होतो, मोठ्यांसाठी काही शिल्लकच राहत नाही. खरंच आहे ते. गेल्या वर्षी नवरात्र संपून आठवडा झाला असेल, अंगणवाडीच्या बायकांसमोर माझं भाषण होतं. पडद्यावर चित्रं दाखवत मी सांगत होते की काही मुलांचे कान, कातडी, जीभ आपल्यापेक्षा फार जास्त टिपतात. आपल्याला जी कुकरची शिट्टी, ती त्यांना कानात सुई. मग ती मुलं डोलतात, हात फडफडवतात, एखादी वस्तू तासभर गरागरा फिरवतात. तो खुळा चाळा नसतो, स्वतःला सावरायचा त्यांचा उपाय असतो. एवढ्यात पडद्यावर कानांवर हात दाबून बसलेल्या मुलीचं चित्र आलं आणि मागच्या रांगेतून आवाज आला, "आवं, ही तर आमची शिवांजलीच की!"

आवाज कसला, सगळं सभागृह दचकलं. "प्रश्न शेवटी," मी ठणकावलं. पण ती बाई उठून, खुर्च्या सरकवत थेट पडद्यापाशी आली आणि चित्रातल्या मुलीच्या हातांवर बोट ठेवून म्हणाली, "आशीच बसती. आस्संच." मी चिडून विचारलं, "तुम्ही भाषण ऐकताय की नाही?" तर तिनं निवांतपणे सांगितलं, "न्हाई. मला ऐकाय कमी येतंय. मी चित्रं बगत हुते."

ही मनुबाई. अंगणवाडीची मदतनीस. पोरं घरोघरी जाऊन गोळा करायची, खिचडी शिजवायची, झाडलोट करायची, हे तिचं काम. त्याआधी सोळा वर्षं ती कुपवाडच्या एका सूतगिरणीत कामाला होती. तिथल्या धडधडाटात कान निम्मे गेले आणि आवाज दुप्पट झाला. आपण किती मोठ्यानं बोलतो हे तिला कळायचंच नाही. ती कुणाच्या कानात गुपित सांगायला लागली तर चौथ्या घरातली म्हातारी उत्तर द्यायची.

चहाच्या वेळी तिनं मला गाठलं. मघाचा उत्साह गेला होता, तोंड एवढंसं झालं होतं. शिवांजली साडेतीन वर्षांची, अजून बोलत नव्हती. बाप साईराज फौजेत, लांब पोस्टिंगवर. घरी आई अंजना आणि आजोबा नाथाजी, फौजेतून निवृत्त झालेले हवालदार. ही पोर डोक्याला कंगवा लावू द्यायची नाही. लावला की मारल्यासारखी ओरडायची, म्हणून अंजनानं नाद सोडला आणि गुढीपाडव्यापासून केस गुंतत गेले. मागच्या बाजूला मुठीएवढा गोळा झाला.

"मग?" मी म्हणाले.

"मग घटाच्या पाचव्या माळंला मी त्यो गोळा बगितला, म्याडम. मीच हळदकुकू लावलं त्येला. मीच वराडले, जट आलीया, देवी आली म्हून."

मनुबाई ओरडली म्हणजे वस्ती जमलीच. बायकांनी पोरीच्या पाया पडून घेतलं. त्या दिवसापासून त्या केसांना हात लावायचा नाही, असं ठरलं. पोर डोलते, किंचाळते, हात हलवते, त्याचाही उलगडा लोकांना झाला: अंगात वारं येतं. नाथाजी आबांनी तर मार्गशीर्षातल्या पौर्णिमेला पोरीला डोंगरावर नेऊन जट देवीच्या नावानं सोडायचं ठरवून टाकलं. एकदा ते झालं की जन्मभर कात्री नाही. आणि देवीचं काम म्हटल्यावर डॉक्टर नाही, केंद्र नाही, काही नाही. त्या गोळ्याखाली कातडी लाल झाली होती, पोरीला उताणं झोपता येत नव्हतं, आणि अंजना रोज पदर तोंडात धरून रडत होती.

माझं डोकं सणकलं. दुसऱ्याच दिवशी स्कूटर काढली, कारखान्यांच्या पाळीला निघालेल्या दुचाकींच्या गर्दीतून वाट काढत वस्तीवर गेले आणि आबांना विज्ञान ऐकवलं. चांगलं अर्धा तास ऐकवलं. आबांनी मला पाणी दिलं, चहा दिला, भाषण संपेपर्यंत ताठ बसून राहिले, मग उठून "जय हिंद" म्हणाले आणि दार दाखवलं. माझे छापील तक्ते पिशवीतच राहिले. परत येताना मी वाटभर स्वतःला शिव्या घातल्या.

मनुबाईनं मात्र शिव्या घातल्या नाहीत. मला म्हणाली, "म्याडम, गिरनीत धागा तुटला की मशिनीला लाथ घालून काय हुतंय? त्यो तुटायच्या आदी काय झालं त्ये बगायचं. आमी मशिनीच्या साईडला फिरत आसायचो, तवा नजर तुटल्याल्या धाग्यावर नसायची, तुटंल आशा धाग्यावर आसायची. पोरगी रडाय लागली की समदी तिच्याकडं बगत्यात. मी आता रडायच्या आदीचं बगनार."

वर्गात जी गोष्ट शिकायला मला दोन वर्षं लागली, ती या बाईनं एका वाक्यात सांगितली. मला हेवा वाटला, स्पष्टच सांगते.

चार दिवसांनी पहिला फोन. "म्याडम! घावलं! मीच हाय!"

"काय तुम्ही?"

"पोरगी माज्यामुळं रडती! आवं, दारात पायताणं मांडत निवांत बसल्याली आसती. मी खिचडीचं पातेलं घिऊन येते, 'चला रं पोरांनू' म्हंते, की झालंच. दोन दिस बगितलं. आज मी बोललेच न्हाई. निसतं पातेलं ठिवलं. तर रडलीच न्हाई!"

ती हे हसत सांगत होती, पण गोष्ट हसण्यासारखी नव्हती. सगळ्या अंगणवाडीत ज्या पोरीवर तिचा सगळ्यात जीव, तिला छळणारी वस्तू म्हणजे हिचाच गळा. दुसरी कुणी असती तर मनाला लावून घेऊन बसली असती. मनुबाई हळू बोलायला शिकायला बसली. आता ज्याला स्वतःचाच आवाज ऐकू येत नाही त्यानं तो कमी तरी कसा करायचा? तिनं युक्ती काढली. बोलताना दोन बोटं गळ्यावर ठेवायची. गळा थरथरला की आवाज मोठा, नाही थरथरला की बरा. पन्नाशी ओलांडलेली ही बाई आठ दिवस गळा धरून हिंडली. वस्तीला वाटलं, घसा बसलाय. कुणी हळद-दूध आणून दिलं, तेही तिनं पिऊन टाकलं.

मग रोज नवा शोध, आणि रोज मला फोन. फोनवर मात्र तिचा गळा मोकळा सुटायचा. शिवांजली गार फरशीवर टाचा उचलून चालते, पोत्यावर मात्र पूर्ण पाऊल टेकते. ओली खिचडी हाताला लागली की हात झटकते, पण कोरडे चुरमुरे आवडीनं खाते. म्हणजे पोर हट्टी नाही, ओलं तिला सोसत नाही. हळूच गाल कुरवाळला तर अंग चोरते, पण घड्या घातलेल्या सतरंज्यांच्या थप्पीखाली स्वतःहून शिरते आणि वर वजन आलं की डोळे मिटते. हलका हात नको, दाबून हवा! मी वहीत लिहून घेत होते. माझी वही भरत होती आणि मला केंद्रात बसवत नव्हतं.

एके दिवशी मनुबाईच्या पिशवीतून गिरणीतली जुनी बॉबिन खाली पडली. ती त्यावर शिवणाचा दोरा गुंडाळून ठेवायची. शिवांजलीनं ती उचलली, फरशीवर उभी करून फिरवली आणि अर्धा तास तिथून हलली नाही. कुकरची शिट्टी झाली तशी दचकली, पुन्हा बॉबिन फिरवली, पुन्हा शांत. मनुबाई शिट्टीच्या आधी तिच्या मागं जाऊन बसायची आणि दोन्ही तळवे तिच्या कानांवर घट्ट ठेवायची. तिसऱ्या दिवसापासून शिट्टी व्हायच्या बेतात आली की पोर स्वतःच मागं सरकून मनुबाईला टेकायला लागली.

"सेविकाताई म्हंत्यात, खूळ लागंल, बॉबिन काडून घ्या. घिऊ का काडून?"

"अजिबात नाही!" मी केंद्रातून एवढ्या मोठ्यानं ओरडले, की बाकावरचा एक बाप उभा राहिला.

राहिले आबा. त्यांचा पुरावा एकच होता आणि त्यांच्या मते भक्कम होता. रोज संध्याकाळी आरतीला ते घंटा वाजवायला लागले, की शिवांजली कोपऱ्यात जाऊन डोलायची, किंचाळायची. देवीचीच आरती आणि तेव्हाच वारं, मग आणखी काय पाहिजे?

मनुबाईनं मला बोलावून घेतलं, पण ताकीद देऊन. "तुमी बोलायचं न्हाई. उंबऱ्यावर निसतं बसायचं." मी बसले. जीभ दातांखाली धरून बसले.

आरतीची वेळ झाली. मनुबाई दोन बोटं गळ्याला लावून म्हणाली, "आबा, आज घंटी न्हाई. आरती हळू म्हनायची. ट्रायल घिऊ." ट्रायल हा शब्द फौजी माणसाला बरोबर लागू पडला. त्यांनी घंटा खाली ठेवली आणि आरती पुटपुटत म्हटली, पहिल्या ओळीपासून शेवटच्या ओळीपर्यंत. शिवांजली त्यांच्या पायाशी बॉबिन फिरवत बसली होती. तिनं मान वर करून दिव्याच्या ज्योतीकडे बघितलं आणि हसली. वारं नाही, किंचाळणं नाही, काही नाही. अंजनानं माझा दंड धरला, तिची नखं रुतली.

मग मनुबाईनं अंजनाला खूण केली. अंजनानं स्वयंपाकघरात मिक्सर सुरू केला. पोर ताडकन उठली, कोपऱ्यात गेली, कान दाबले आणि डोलायला लागली, रोज आरतीला डोलायची अगदी तशी. मिक्सर लगेच बंद केला.

"आवं आबा," मनुबाई म्हणाली, "देवी काय शेंगदाण्याची चटणी वाटताना येतीया व्हय?"

मला हसू आवरेना, तोंडात ओढणी कोंबली. आबा खुर्चीवर बसले आणि त्यांचा उजवा पाय हलायला लागला, भराभर, थांबेचना. मनुबाई त्या पायाकडे बघत राहिली.

"दिवाळीत फटाकं वाजलं की तुमी आतल्या खोलीत जाऊन आसाच पाय हालवत बसता. तुमच्या अंगात आलंय आसं कुनी म्हनलं का?"

आबांनी पायाकडे बघितलं. तो आपला आहे हे त्यांना तेव्हाच कळलं असावं. "बावीस साल तोफखान्यात हुतो," ते म्हणाले. "आवाज सोसत न्हाई आता. पाय हालवला की जरा बरं वाटतं." मग नातीकडे वळून विचारलं, "हिलाबी तसंच हुतंय?"

"तुमाला बावीस वर्सांनी झालं. ह्या लेकराला जल्मापासनं."

शिवांजली कोपऱ्यातच पुन्हा बॉबिन फिरवत बसली होती. आबा उठून कोपऱ्यात गेले, गुडघे दुखतात तरी खाली बसले, पण पोरीला हात लावला नाही. बॉबिन थांबली की फिरवून द्यायचे, एवढंच केलं.

तरी जटेची भीती होतीच. आबा म्हणाले, "कात्री लावली आन् देवी कोपली तर?" मी काहीतरी बोलणार होते. त्याआधीच मनुबाई म्हणाली, "पयलं कुकू मी लावलंय. वराडून मानसं मी गोळा केली. कोप व्हायचा आसंल तर माज्यावर व्हईल. कात्री मी धरते." ती धीट होती म्हणून हे म्हणाली, असं कुणी समजू नये. कोपावर तिचा पुरता विश्वास होता आणि तरीही ती पुढं झाली. माझा कोपावर विश्वास नाही, मग माझ्या कात्री धरण्याला काय अर्थ होता? दुसऱ्या दिवशी ती देवळात गेली, देवीला खणनारळ वाहिला, गळ्याला बोटं लावून हळूच माफी मागितली आणि आली.

पौर्णिमेला दहा दिवस होते. आठ दिवस मनुबाई रोज त्या गोळ्यात खोबरेल तेल जिरवत होती. बोटं दाबून, हलक्या हातानं नाही. कंगवा नाहीच. पोर जाड गोधडीत घट्ट गुंडाळून मांडीवर, पुढं बॉबिन. डोलायला लागली की मनुबाई थांबायची आणि तिच्याबरोबर डोलायची. कडेकडेचे केस बोटांनी सुटले, मधला गोळा राहिला.

नवव्या दिवशी, रविवारी, मी भारीतली बोथट टोकाची कात्री घेऊन गेले. मनुबाईनं ती गालाला लावून बघितली. "गार हाय," म्हणाली आणि दोन्ही तळव्यांत धरून ऊब येईपर्यंत बसली. आबांनी बाहेरची जबाबदारी घेतली होती. काठी घेऊन ते वाटेवर उभे राहिले आणि पाळी सुटून येणाऱ्या प्रत्येक दुचाकीला अडवायला लागले. "हॉर्न बंद! इंजन बंद! ढकलत न्या!" आणि लोक निमूट गाड्या ढकलत नेत होते. हवालदार बिघडलाय, असं एक जण दुसऱ्याला म्हणाला, तोही हळूच.

आत कात्री चालू झाली. एक काप, थांबायचं. बॉबिन फिरली की दुसरा काप. अंजना समोर बसून श्वाससुद्धा मोजून घेत होती. अर्धा गोळा सुटला. पाऊण सुटला. मला नाचावंसं वाटत होतं, पण मी पायाची बोटं आवळून गप्प उभी होते. शेवटची एक बट राहिली, बोटाएवढी.

आणि तेवढ्यात उसाचा ट्रॅक्टर आला.

हंगाम चालू होता. दोन ट्रॉल्या ऊस आणि वर भलामोठा स्पीकर, त्यावर ढणढण गाणं. आबा काठी उगारून धावले, पण ड्रायव्हरला त्या गाण्यापुढं हवालदाराचा हुकूम काय ऐकू येणार? खिडकीची काच थरथरली. शिवांजलीच्या हातून बॉबिन सुटली आणि घरंगळत खाटेखाली गेली. झालं, मी मनात म्हटलं. नऊ दिवसांवर पाणी पडलं. आता ही किंचाळणार, कात्री लागणार, आबा म्हणणार की बघा कोप.

पोरीनं गोधडीतून दोन्ही हात बाहेर काढले. ती वळली. ते हात स्वतःच्या कानांवर न नेता तिनं मनुबाईच्या कानांवर ठेवले आणि घट्ट दाबले, जसे शिट्टीच्या वेळी मनुबाई तिचे दाबायची. तिचा स्वतःचा चेहरा वेडावाकडा झाला होता, अंग कापत होतं, पण तिनं हात काढले नाहीत. तेव्हा कात्री टाकून मनुबाईनं आपले तळवे तिच्या कानांवर ठेवले. दोघी एकमेकींचे कान धरून डोलत राहिल्या, ट्रॅक्टर रस्त्याला लागेपर्यंत.

मग शेवटची बट कापली. आबा धापा टाकत दारात आले, तेव्हा गोळा वर्तमानपत्रावर पडला होता आणि शिवांजली खाटेखाली शिरून बॉबिन काढत होती. आबांनी आधी नातीकडे बघितलं, मग मनुबाईकडे. तिच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं. त्यांना वाटलं, कात्री लागली. "काय झालं, मनुबाई? लागलं का?"

तिनं मान हलवली. गळ्याला बोटं न लावताच ती बोलली, आणि इतकं हळू बोलली, की ऐकायला आम्हाला पुढं वाकावं लागलं.

"सोळा वर्सं गिरनीत हुते, आबा. माजं कान कुनी झाकलं न्हवतं."

शिवांजली आता आमच्या केंद्रात येते, आठवड्यातून दोनदा, आजोबांच्या गाडीवर. "बरी झाली का?" असं लोक विचारतात आणि मी भडकते. तिला काही आजार झाला नव्हता. ती अजून डोलते, अजून शब्द थोडे आहेत, कंगवा अजून लांबच आहे, म्हणून केस बारीक ठेवतात, आबांसारखे. डोंगरावर मात्र ते पौर्णिमेला गेले होते, सगळे मिळून. गर्दी ओसरल्यावर, दुपारी, देवळाच्या पायरीपाशी, बिनघंटीची आरती केली आणि पोरगी उताणी पडून आभाळ बघत झोपली. तो फोन मला डोंगरावरूनच आला होता. मी सवयीनं कानापासून लांब धरला, "हॅलो, हॅलो" ओरडले आणि काहीच ऐकू येईना. मग कानाला लावला, तेव्हा मनुबाईचा आवाज आला, "म्याडम, हळू बोला. निजलीया."